पाच खुर्च्या

“पाच खुर्च्या लागतील,” नर्सबाईंनी वाचनालयाच्या बाईंना सांगितलं, आणि सांगताना त्यांची जीभ अडखळली.

“पाच? बरं,” म्हणून बाई कपाटाच्या काचा पुसायला वळल्या.

पत्र पर्समध्ये होतं. आपल्या बोलीतला इंटरनेटवरचा ज्ञानकोश चालू ठेवायचा, तर त्यावर काम करणाऱ्या निदान तीन माणसांच्या सह्या आजच पाठवायला हव्या होत्या. नाहीतर आवृत्ती बंद. सहा वर्षं हौसेनं राबून भाषांतर केलेले नऊशे लेख मातीमोल होणार होते.

यादीत नावं पाच होती: नर्सबाई, सुगरण, भटक्या, मास्तर आणि बोका. कुणी कुणाला पाहिलेलं नव्हतं; आज चारला सगळ्यांना पहिल्यांदाच इथे वाचनालयात बोलावलं होतं. पण सुगरण आणि भटक्या म्हणजे नर्सबाईच होत्या. चार माणसं दिसली की बाकीच्यांना हुरूप राहतो, म्हणून त्यांनी ही सोंगं काढली होती. आज सगळं कबूल करायचं. मास्तर रागावतील, बोका तर फाडून खाईल. पण ते दोघे धरून तीन सह्या होतात, एवढाच काय तो धीर.

त्या दोघांचं विळ्याभोपळ्याचं सख्य. चंद्राच्या लेखावरून महिनाभर भांडले, शेवटी नर्सबाईंनीच मिटवलं होतं.

तशी कामात एक गंमतही होती. एखाद्या वाक्यापुढे ‘संदर्भ हवा’ असं लिहिलं, की दुसऱ्या दिवशी तिथे पुस्तकाचं नाव आणि पान क्रमांक हजर. खाली नाव नाही, गाव नाही. हे यंत्राचं काम, असं नर्सबाईंनी कधीच ठरवून टाकलं होतं.

चारला एक घड्याळजी आले. गळ्यात दोरीला भिंग लटकत होतं.

“मी मास्तर.”

“या, या! बोका कुठंय?”

त्यांनी रिकाम्या खुर्च्यांकडे पाहिलं. “बाकीचे यायच्या आत सांगून टाकतो. बोकाही मीच.”

“अहो, मग ती भांडणं?”

“भांडण ऐकू आलं की घरात माणसं आहेत असं वाटतं. तुम्ही तिघं इतकं राबत होता, म्हटलं, तुम्हाला एकटं वाटू नये.”

नर्सबाईंना हसावं की रडावं कळेना. त्यांनीही आपलं पाप सांगून टाकलं. दोघं पोट धरून हसले. मग घड्याळजींनी बोटांवर माणसं मोजली.

“म्हणजे दोनच,” घड्याळजी म्हणाले.

तरी दोघांनी सह्या केल्या. तिसरी ओळ कोरी राहिली. ती बघून नर्सबाईंचे डोळे भरून आले.

वाचनालयाच्या बाई हात पुसत जवळ आल्या. खुर्च्या उचलायला आल्या असतील म्हणून नर्सबाई उठल्या, आणि तेव्हा कुठे त्यांच्या लक्षात आलं की खुर्च्या सहा आहेत.

बाई सहाव्या खुर्चीवर बसल्या आणि त्यांनी पत्र आपल्याकडे ओढलं.

“सही इथेच ना? आणि मास्तर, चंद्राच्या लेखात तुम्ही दिलेला पान क्रमांक चुकला होता. कालच बदललाय मी.”