पडद्यावर न मावलेलं नाव

"मादाम, द्या ना ते कागद! सोलांजच्या संवादांवाचून शूटिंग अडलंय," दिग्दर्शक काकुळतीला आला होता.

लेओंतीनबाईंनी कागद काखेत आणखीच घट्ट दाबले. पॅरिसातल्या आपल्या लाँड्रीत बसून लेक सोलांज सिनेमे लिहिते, ही त्यांना सहा वर्षं निव्वळ थाप वाटत होती. दोन सिनेमे डोळे फाडफाडून पाहिले, तरी पडद्यावर घराण्याचं आडनाव काही दिसलं नव्हतं. आणि आज हा दिग्दर्शक स्वतःच तिचे कागद मागत लाँड्रीत येऊन उभा! म्हणजे पोरगी खरं बोलत होती तर! मग लबाड कोण?

"हिचं नाव कुठं गडप होतं हो?"

"पडद्यावर जागा पुरत नाही, मादाम."

"तुमचं बरं मावतं!"

"आई, जाऊ दे ना," सोलांज पुटपुटली.

"तू गप गं. आणि तुम्ही, लिहा हिचं नाव. पहिल्याच पानावर, माझ्यादेखत."

त्यानं मुकाट्यानं लिहिलं. बाईंना धड वाचता येत नव्हतं, आणि या माणसाचा भरवसा तर मुळीच नव्हता. पान घेऊन त्या रस्त्यावर गेल्या आणि लाँड्रीच्या पाटीवरच्या आडनावाशी एकेक अक्षर ताडून आल्या.

"जुळतंय. आता पडद्यावरही हेच दिसू दे. नाहीतर पुढचा सिनेमा तुमचा तुम्हीच लिहायचा."