अल्ट्रावरचं गवत

कॉम्प्युटरवरची पट्टी नव्याण्णव टक्क्यांवर येऊन अडली, तसं अमननं हळूच शेजारी पाहिलं. इचरजबाई माळ ओढत बसल्या होत्या.

इचरजबाई या अमनच्या वडिलांच्या, मांगीलालच्या, मोठ्या बहीण, म्हणजे अमनची भुआ. यजमान गेल्यापासून मस्तगडला भावाकडेच राहायच्या. बियाण्याच्या दुकानावरच्या त्या तीन खोल्यांत कुठलीही नवी वस्तू आली की आधी त्यांच्या नजरेखालून जाई. अमनच्या ट्रकच्या खेळाला त्यांनी हो म्हटलं होतं, कारण त्यात मारामारी नव्हती. माल भरायचा, सिग्नल पाळायचे, माल पोचवायचा. जुन्या कॉम्प्युटरवर रस्त्याच्या कडेला नुसता हिरवा रंग दिसायचा. जीव म्हणून औषधाला सापडत नव्हता.

आता नवं ग्राफिक्स कार्ड बसलं होतं आणि त्याच्या जोडीचं सॉफ्टवेअर चढत होतं. ते खेळ ओळखणार आणि सगळ्या सेटिंग आपोआप लावून देणार, असं बुद्धभूषणनं सांगितलं होतं. बुद्धभूषण अमनचा शाळेपासूनचा दोस्त. कार्ड त्याच्याच दुकानातलं.

पट्टी पूर्ण झाली. सगळं अल्ट्रावर, म्हणजे सगळ्यांत उत्तम करू का, असं सॉफ्टवेअरनं विचारलं. अमननं होचं बटन दाबलं.

ट्रक निघाला आणि कडेच्या हिरव्या रंगातून गवताची पाती न् पाती उठून उभी राहिली. खड्ड्यांत पाणी साचलं. दिव्यांभोवती चिलटं फिरायला लागली. अमन बघतच राहिला, तेवढ्यात रस्त्यावर कबुतरांचा थवा उतरला आणि ट्रक त्यातून पार गेला.

माळ थांबली.

"खरी न्हाईत ती, भुआजी. चित्रं हायेत."

"भाव तर खरा असतो ना, बेटा."

"मारायचा भाव न्हवता माझा."

"मंग थांबायचा होता ना?"

थांबायचं बटन कोणतं, ते भुआजींनी विचारून घेतलं, बोटानं चाचपून पाहिलं आणि पुन्हा माळ हातात घेतली.

दुसऱ्या दिवशी भुआजींचा उपास निघाला. नुसतं उकळलेलं पाणी, तेही सूर्य मावळायच्या आत. कुणी काही विचारलं नाही. पायाखाली मुंगी आली तरी भुआजींचा उपास ठरलेला, हे घरात सगळ्यांना ठाऊक होतं. पण मागच्या पर्युषणात त्या चक्कर येऊन पडल्या होत्या आणि डॉक्टरांनी उपास बंद करायला बजावलं होतं. मांगीलालनं आवाज न चढवता मुलाला सांगितलं, की या खेळापायी जीजीचा, म्हणजे भुआजींचा, अजून एक उपास पडला तर ते कार्ड खोक्यात भरायचं आणि जिथून आणलं तिथं देऊन यायचं.

अमननं बुद्धभूषणला फोन लावला आणि गवत काढून कसं टाकायचं ते विचारलं. बुद्धभूषण बराच वेळ हसला. लोक गवताची पाती दिसावीत म्हणून कार्ड घेऊन राह्यले, अन् हा शेठ गवत उपटायला निघाला, म्हणाला. तरी त्यानं नीट सांगितलं. अमननं गवत शून्यावर आणलं. कबुतरं बंद केली, चिलटं बंद केली, पाण्यातही जीव असतात म्हणून खड्डे कोरडे केले. भुआजी शेजारी बसून एकेक विचारत होत्या: वेग कशानं वाढतो, मागचं कशात दिसतं, वळताना काय दाबायचं. त्यांची खात्री पटू दे म्हणून तोही सबुरीनं सांगत गेला. शेवटी नव्या कार्डावर खेळ अगदी जुन्यासारखा दिसायला लागला.

त्या संध्याकाळी अमननं ट्रक बैलगाडीच्या चालीनं हाकला. मागचे लोक हॉर्न वाजवून वाजवून थकले. एक जीव आडवा आला नाही.

सकाळी तो उठून स्वयंपाकघरात गेला, तर आई शिखा पाणी उकळत होती. भुआजींचा उपास.

"जीव गेला, बेटा," भुआजी खालच्या आवाजात म्हणाल्या. "उतारावर."

अमन गोंधळला. उतार त्याला आठवत होता, जीव आठवत नव्हता. पण भुआजी खोटं बोलत नसत, त्यांचा नियमच होता. त्यानं चष्मा पुसला आणि पुन्हा फोन लावला. बुद्धभूषण या वेळी हसला नाही.

"तू त्यांचं दिसणं बंद केलं, भाऊ. असणं थोडीच बंद झालं?"

म्हणजे काल रस्ताभर तो न दिसणाऱ्या जीवांवरून ट्रक नेत होता, आणि भुआजींना मात्र ते बराबर दिसत होते. एवढ्या वर्षांची तपश्चर्या, दिसणारच. पलंगावर त्या भिंतीला टेकून बसल्या होत्या. ओठ सुकले होते.

वडील दुकानातून वर यायची त्यानं वाट पाहिली नाही. खेळ काढला, सॉफ्टवेअर काढलं, कार्ड उपसून खोक्यात भरलं. त्या कार्डासाठी त्यानं वर्षभर शिकवण्या घेतल्या होत्या. खोकं उचलून तो भुआजींसमोर जाऊन उभा राहिला.

"भुआजी, सगळं काढून टाकलं. आता माझ्यापायी तुम्हाला उपास न्हाई."

"पूरा काढला?"

"बिलकुल पूरा."

भुआजींनी खोकं चाचपून पाहिलं.

"तुझ्या कबुतरांचा उपास तुझा तू करायचा होता, बेटा," त्या हळूच म्हणाल्या. "मी केले ते माझ्या गाडीचे. आज तू उठायच्या आधी मीच माल भरून निघाल्ते, उतारावर ब्रेक लागला न्हाई, पुढच्या मोटारीवर आदळले. माझा ट्रक तसाच अर्ध्या रस्त्यात उभा हाय. आता मालाची वाट बघणाऱ्या पार्टीला मी काय सांगू?"