अकरा मिनिटांची टेप

वृषाली माहितीपटांसाठी जुनी दृश्यं शोधून द्यायची. भूकंपावरच्या फिल्मसाठी तिनं एका म्हाताऱ्या कॅमेरामनच्या माळ्यावरून त्र्याण्णव सालची टेप उकरून काढली आणि कडूबाईंची परवानगी घ्यायला थेट सास्तूर गाठलं.

कडूबाईंनी आधी चहा दिला. "आमी दोघं शेतात वस्तीला व्हतो. पोरगी गावात, सासूपाशी. लोकं म्हनली, दुपार होईस्तोवर त्या गल्लीत कुनी पोचलंच न्हाय. मग कुनाला बोल लावावा, बाई?"

वृषालीनं लॅपटॉप पुढं धरला. दगडमातीतून बाहेर आलेला एक इवलासा हात, हिरव्या बांगड्यांचा. बोटं हलत होती. हळूहळू हलायची थांबली.

"माझी उषी," कडूबाई म्हणाल्या. "किती येळ हाय ह्ये?"

"अकरा मिनिटं, मावशी!" असा ऐवज वृषालीच्या हाती आजवर लागला नव्हता. "सलग! कॅमेरा एकदाही खाली ठेवलेला नाही." आणि तिनं अंगठ्यासाठी शाईचा पॅड उघडला.

कडूबाईंनी पॅडकडं पाहिलंच नाही. पडद्यावरच्या दगडावर बोट ठेवून त्या म्हणाल्या, "म्हंजे कुनीतरी व्हतं की तिथं."