पेट्रोलचोर

गाडीतलं पेट्रोल शेजारचे तेंडोलकरच चोरतात, याबद्दल परुळेकरांच्या मनात तिळमात्र शंका नव्हती. भरलेली टाकी चार दिवसांत तळ गाठायची. त्यांनी तेंडोलकरांबरोबरचा वीस वर्षांचा सकाळचा चहा बंद केला, आणि समोर दिसताच ते तोंड फिरवू लागले.

दोन महिन्यांनी गाडी काळा धूर ओकू लागली, तेव्हा त्यांना ती गॅरेजमध्ये न्यावी लागली. मेकॅनिक रोझलिनने त्यांची तक्रार ऐकली, बॉनेट उघडलं आणि इंजिनाजवळची एक बारीक नळी ओढून काढली. नळीतून टपटप पेट्रोल गळलं.

“काका, या नळीत पेट्रोलचा थेंबही यायला नको. पेट्रोलचा दाब राखणाऱ्या प्रेशर रेग्युलेटरचा पडदा फाटलाय. तुमचं पेट्रोल कोणी चोरत नाही, इंजिनच ढोसतंय!”

घरी न जाता परुळेकर तडक तेंडोलकरांच्या दारात गेले आणि हात जोडून म्हणाले, “मी तुम्हाला चोर समजलो. दोन महिने अबोला धरला. माफ करा.”

तेंडोलकर चक्रावले. “अबोला होता होय तो? मी आपला समजत होतो, तुमची दाढ दुखतेय!”