भागीरथाचा कागदी नंदी

"पुस्तकं कुटता, बाई? काही वाटत नाई तुमाले?"

रंजीता दारातच थबकली. आलापल्लीजवळच्या त्या गावात शाळेचं वाचनालय तीच हौसेनं सांभाळायची.

भागीरथानं मुसळ थांबवलं नाही. उखळात भिजलेला कागद आणि मेथीचं पीठ होतं. अशा लगद्याच्या टोपल्या गावात घरोघरी होतात, त्यात नवल काही नाही. पण भागीरथा शाळा समितीची अध्यक्ष! मुलं कमी म्हणून शिक्षण खात्याचा साहेब शाळा बंद करायला निघाला, पुस्तकं रद्दीत काढली, आणि या बाईनं ती निमूट घरी आणली. वर पालकांच्या संमतीचे फॉर्म घेऊन दारोदार फिरत होती तीही हीच.

"साहेबाचं एवढं आयकता काऊन?"

"तान्हा पोळा जवळ आला. पोरीले नंदी कराचा हाये."

रंजीता रडतच निघून गेली. आठ दिवस ती भागीरथाच्या दारावरून मान फिरवून गेली.

बांबूच्या कामट्यांवर लगदा चढला, चुलीच्या उबेला वाळला. वरून पुस्तकांची पानं चिकटली. वशिंडावर नकाशा, पोटावर कविता, कपाळावर गणपतीचा ग. नंदी इतका देखणा झाला की रंजीतालाही दोनदा बघावासा वाटला आणि स्वतःचाच संताप आला.

तान्ह्या पोळ्याला मैदानात मुलांच्या नंदींची स्पर्धा होती; साहेब पाहुणा म्हणून आला. भागीरथाची मयुरी नंदी ओढत आली आणि साहेबानं तिथल्या तिथं पहिला नंबर देऊन टाकला.

"रद्दीचं सोनं केलंत बाई! हा नंदी आमच्या ऑफिसात शोभेल."

"न्या साहेब."

मयुरी दोरी सोडेना. भागीरथानं तिची बोटं हळूच सोडवली. हे बघवेना म्हणून रंजीता उठून चालू लागली.

साहेबानं नंदी कवेत घेऊन फोटो काढवला. "आणि फॉर्म? आजच द्या. उद्या शाळेला कुलूप लावून टाकू."

"घेतले ना तुमी."

"कुठे?"

भागीरथानं पदर खोचला आणि अख्ख्या मैदानाला ऐकू जाईल अशा आवाजात सांगितलं,

"तुमच्या कवेत! गावानं एक बी सही नाई केली साहेब, म्हणून मेथी टाकून बारीक कुटले सारे फारम. वाळवीनं खाल्लेली पानं तेवढी वरून लावली. बाकी पुस्तकं तं पोरं माह्या घरी वाचून राह्यले."