दोन मजल्यांचे स्पीकर

"बोरुत, तुझ्या आईला सांग, स्वयंपाकघरात स्पीकर नको. तिथे त्या स्वतः असतातच."

तादेया हे बोलली तेव्हा सासूबाई तिच्यापासून हातभर अंतरावर उभ्या होत्या. मिलोइकाबाईंनी सुनेकडे पाहिलंसुद्धा नाही. त्यांनी मुलाची बाही ओढली.

"तुझ्या बायकोला सांग, माझे कान अजून शाबूत आहेत."

स्लोव्हेनियातल्या त्सेल्ये शहरातलं ते दुकान शनिवारच्या गर्दीने भरलं होतं. लोक वळून बघत होते. बोरुतला त्याची सवय होती. सात वर्षांपूर्वी एका रविवारी तादेयाने सासूच्या हातच्या सूपमध्ये चव न घेताच मीठ घातलं होतं, तेही पाहुण्यांसमोर. त्या दिवसापासून सासू-सुनेचं बोलणं बंद. जे काही बोलायचं ते बोरुतच्या तोंडून.

खालचा मजला आईचा. वरचा या नवराबायकोचा, पण तादेयाच्या वडिलांच्या पैशांनी चढवलेला. त्यामुळे इंचभरही कोणी हलणार नव्हतं. बोरुत कामावरून आला की जिना चढायचा आणि उतरायचा. धुण्याचं मशीन रिकामं करायला सांग. दाराशी चिखलाचे बूट कोणाचे ते विचार. निरोप देताना तो बिचारा त्यातलं विष गाळून टाकायचा, आणि गाळलं हे कळलं की वरून आणि खालून दोघी त्याच्याच अंगावर धावून यायच्या. आई म्हणायची, ही भवानी गेली की घराला घरपण येईल. तादेयाने सासूच्या वृद्धाश्रमाचा अर्ज भरून ठेवला होता, फक्त मुलाची सही बाकी होती. ती किंवा मी, महिनाअखेरपर्यंत ठरव, असं दोन्ही मजल्यांनी त्याला बजावलं होतं.

आणि हा पठ्ठ्या त्यांना घेऊन स्पीकर निवडायला आला होता.

"हा स्वस्तातला," दुकानातल्या ब्रेदाबाई म्हणाल्या. "आवाज चांगला आहे, पण तुमच्या फोनवर चालतो. फोन घेऊन तुम्ही घराबाहेर पडलात की हा गप्प."

"आणि तो?"

"तो घरातल्या वायफायवर चालतो. वरचे, खालचे, सगळे एकमेकांना जोडलेले. वर बोललं की खाली ऐकू येतं, खाली बोललं की वर. त्याला आपली भाषा समजत नाही, पण तुमचं बोलणं तो जसंच्या तसं पोचवतो."

"जसंच्या तसं?"

"एक अक्षर गाळत नाही."

बोरुत हसला. आईला आणि बायकोला तो हसतो हे बहुधा आठवत नव्हतं. त्यांनी एकदमच त्याच्याकडे संशयाने पाहिलं.

"मध्ये माझा फोन नसला तरी चालेल?"

"नसला तरी चालेल."

"मग हाच. वर दोन, खाली दोन."

"तुझ्या आईला सांग," तादेया म्हणाली, "आवाज बंद करायचं बटण मी आधी शिकून घेणार आहे."

"तिला सांग, बिनतारी म्हणतात पण भिंतीत वायर घालावीच लागते. माझ्या घरात आवाज केला तर ती मी उपटीन."

बोरुतने काहीच सांगितलं नाही. ब्रेदाबाईंनी घाईघाईने टॅब्लेट पुढे ओढला. स्पीकर दुकानातच सेट करून द्यायची त्यांची पद्धत होती. "घरात राहणारे किती? त्यांची नावं घालते."

"दोन माणसं राहतात," बोरुत म्हणाला.

जीभ घसरली म्हणावं, तर तीही सोय नव्हती. स्लोव्हेन भाषेत संस्कृतासारखं द्विवचन आहे आणि ते रोज वापरलं जातं. दोन माणसं राहतात आणि तीन माणसं राहतात, यात क्रियापदाची रूपंच वेगळी. शेंबडं पोरही त्यात चुकत नाही. बोरुतने क्रियापद द्विवचनात लावलं होतं, आणि चांगलं सावकाश लावलं होतं.

तादेयाचा चेहरा उजळला. मिलोइकाबाईंनी पर्स या हातातून त्या हातात घेतली आणि मान ताठ केली.

"ऐकलंत?" तादेया म्हणाली. सात वर्षांत प्रथमच ती सासूशी थेट बोलत होती. "चला, बांधा गाठोडं."

"तू बांध. सकाळी सही केली असेल माझ्या पोराने तुझ्या घटस्फोटाच्या कागदावर."

"तुमच्यासाठी खोली बघून ठेवलीय मी. खिडकीतून दफनभूमी दिसते. ओळखीचे भेटतील सगळे."

"तुझ्या बापाचे पैसे विटांतच संपले वाटतं. लेकीला वळण लावायला काही उरलं नाही."

"माझ्या बापाचं नाव काढू नका!"

"काढणार! दहा वेळा काढणार!"

दुकानातली विक्री थांबली होती. एका म्हाताऱ्या गृहस्थांनी तर नीट ऐकू यावं म्हणून समोरचा टीव्ही बंद केला. बोरुत मध्ये पडला नाही. त्याने शांतपणे कार्ड दिलं, घरी माल पोचवण्याच्या कागदावर पत्ता लिहिला, पण स्वतःचा फोन नंबर लिहायच्या रकान्यात तादेयाचा लिहिला. मग कोटाची बटणं लावली.

ब्रेदाबाई अवघडल्या होत्या. त्यांनी आवाज अगदी खाली आणला.

"साहेब, एक नाव तुमचं घातलं. दुसरं कोणाचं? राहणारे तुम्ही दोघं म्हणजे... या दोघींपैकी कोण?"

"माझं नाव खोडा," बोरुत म्हणाला. "दोघं नाही, बाई. दोघी."