रांगेचं शेवटचं टोक

"जाकीट काढा," मुख्याध्यापिका शोव्हेबाई म्हणाल्या. "नाहीतर डोक्यावरचा रुमाल काढा. दोन्ही एकदम चालणार नाही."

हे शाळेच्या फाटकात, पोरांना सोडायला आलेल्या सगळ्या आईबापांसमोर त्या म्हणाल्या. सहलीत रांगेसोबत चालणाऱ्या पालकाचं पिवळं जाकीट वर्दाने नुकतंच अंगात घातलं होतं. तिचा वासिम तर सकाळपासून सांगत सुटला होता की आज रांगेच्या मागे माझी आई. रांगेच्या मागचं माणूस म्हणजे पोरांच्या लेखी बडी असामी. ते आत आल्याशिवाय शाळेचं फाटक लागत नाही.

"शाळेची सहल म्हणजे शाळाच," शोव्हेबाई म्हणाल्या. "आणि फ्रान्सच्या सरकारी शाळेत धर्माची खूण नको. तुमच्याच स्वातंत्र्यासाठी आहे हे, मादाम."

"माझ्या स्वातंत्र्याचं मला विचारलंत तर बरं होईल. तो नियम शिक्षकांना आहे, मुलांना आहे. मी आई आहे."

"या शाळेत काय चालतं ते मी ठरवते."

शेजारी दुसरी एक आई, समीरा, उभी होती. ती कधीच रुमाल बांधत नाही. ती वर्दाच्या कानाशी लागली. "काढ की गं दोन तास. तुझ्या घरी नाही सांगणार मी."

"घरी कोण बांध म्हणतंय? नवरासुद्धा म्हणतो, काढून टाक, नसती कटकट. त्याचं ऐकलं नाही, तर हिचं ऐकू?"

वर्दाने जाकीट काढलं, नीट घडी घातली आणि वर्गशिक्षिका ओरेलीच्या हातात दिलं. ओरेलीने ते पिशवीत टाकलं. नोकरीला लागून तिला वर्षसुद्धा झालं नव्हतं. ती काय बोलणार? वासिमची मान खाली गेली. एवढी एक गोष्ट मात्र वर्दाला सोसली नाही.

"मान वर कर," ती म्हणाली. "रस्ता काही शोव्हेबाईंच्या मालकीचा नाही. मी येतेय."

दोघा-दोघांचे हात धरून रांग निघाली. पुढे ओरेली, मागे वर्दाच्या जागी वर्गातल्या तिबोचे बाबा, आणि त्यांच्याही मागे थोडं अंतर राखून वर्दा. रांग सिग्नलला थांबली की तीही थांबायची. रांग चालू लागली की तीही चालायची. जाणारे-येणारे बघत होते. बघू देत.

सहल नगरपालिका बघायची होती, आणि तिचं दार सगळ्यांना उघडं असतं. सभागृहात भिंतीशी एका बाईचा अर्धपुतळा होता, आणि पोरांना माहिती सांगायला एक म्हातारा कारकून.

"ही मारियान. फ्रान्स म्हणजे हीच, असं समजा."

वासिमने हात वर केला. "तिच्या डोक्यावर काय आहे?"

"टोपी. फार पूर्वी गुलाम सुटला की अशी टोपी घालायचा. आता आपल्याला कुणी मालक नाही, हे चारचौघांना दिसावं म्हणून."

"मग तिला ती काढायला सांगतात का?"

म्हातारा खो खो हसला. "हिला? हिला कोण सांगणार बाबा!"

वासिमने मागे वळून आईकडे पाहिलं. ओरेली आपल्या बुटांकडे बघत राहिली.

बाहेर पायऱ्यांवर आल्यावर तिबोच्या बाबांचा फोन वाजला. त्यांच्या बेकरीतली भट्टी बंद पडली होती. ते माफी मागत मागत पळाले. रांगेच्या मागे मोठं माणूस नसेल तर पोरांना रस्ता ओलांडू देत नाहीत. ओरेलीने शाळेत फोन लावला. "हो मादाम... नाही, दुसरं कुणीच नाही... हो, त्याच."

मग तिने पिशवीतून जाकीट काढलं आणि वर्दापाशी आली. "मादाम म्हणतात, आता घातलंत तरी चालेल. म्हणजे... आत्तापुरतं."

वर्दाला हसूही आलं आणि संतापही. "सकाळी मी चालत नव्हते. आता अडलं तशी चालायला लागले?"

"प्लीज. मुलांना भूक लागलीय."

"मुलांना आणते ना मी. त्यांनी काय केलंय? पण जाकीट राहू द्या तुमच्याकडे. काढायला लावलंत ते फाटकात, सगळ्यांसमोर. द्यायचं असेल तर तिथेच द्यायचं, आणि तुमच्या बाईंच्या हातून."

ओरेलीने जाकिटाची पुन्हा घडी घातली. मग पुढे जाऊन तिने पोरांना चला म्हटलं. वर्दा रांगेच्या मागे लागली. वासिम आपल्या जोडीदाराला पुढच्या दोघांत ढकलून शेवटी आला आणि त्याने तिचा हात धरला. चौकात तिने नुसता तळहात वर केला आणि अख्खी बस थांबली.

जेवणाच्या सुट्टीत पोरांना घरी न्यायला आलेल्या आईबापांची फाटकाशी पुन्हा गर्दी होती. शोव्हेबाई किल्ली घेऊन उभ्या होत्या. पोरं जोडीजोडीने आत गेली. वर्दा वासिमचा हात धरून फुटपाथवरच थांबली.

"या ना आत," शोव्हेबाई हलक्या आवाजात म्हणाल्या.

"ऐकू नाही आलं!" गर्दीतून कुणीतरी ओरडलं. समीराच होती ती.

ओरेलीने जाकिटाची घडी उलगडली आणि ते दोन्ही हातांनी शोव्हेबाईंपुढे धरलं. तिचे कान लाल झाले होते, पण हात मागे गेले नाहीत. शोव्हेबाईंनी जाकिटाकडे पाहिलं, मग गर्दीकडे, मग हातातल्या किल्लीकडे.

"आई, चल ना," वासिम म्हणाला.

"थांब," वर्दा म्हणाली. "बाईंचं ठरू दे."

रांग पूर्ण आत आल्याशिवाय फाटक लावता येत नव्हतं, आणि रांगेचं शेवटचं टोक मान वर करून बाहेर उभं होतं.